असर्टजे: टेस्ट लाल झाली की कळतं कशाला घ्यायचं

जावामध्ये युनिट टेस्ट (कोडचा एकेक तुकडा तपासणारा कोड) लिहित असाल तर सरळ सांगते, असर्टजे घ्या, म्हणजे मिळालेलं उत्तर हवं तसंच आहे का हे तपासणाऱ्या ओळींची, असर्शन्सची, लायब्ररी. फुकट आहे, अपाचे लायसन्स आहे, आणि स्प्रिंग बूट हे जावाचं फ्रेमवर्क वापरत असाल तर त्याच्या स्टार्टर-टेस्ट या तयार संचातून ते आधीच तुमच्या प्रोजेक्टमध्ये येऊन बसलंय, तुम्ही फक्त त्याच्याकडे बघत नाही आहात. आता का घ्या, कुठे डोक्याला ताप देतं, आणि त्याचे भाऊबंद म्हणजे हॅमक्रेस्ट, गुगलचं ट्रूथ आणि टेस्ट चालवणाऱ्या जेयुनिटची स्वतःची असर्शन्स यांचं काय, ते सगळं खाली लिहितेय. मी बॅकएंडवाली, बिलिंग आणि इन्व्हॉइसचा कोड, त्यामुळे उदाहरणं तिकडचीच येणार. मेथडची नावं देवनागरीत लिहितेय, कॉपी-पेस्ट करून कंपाइल करायला जाऊ नका.

या लायब्रऱ्यांची जाहिरात नेहमी एकाच गोष्टीवर चालते, की बघा कसं वाक्यासारखं वाचता येतं. मला त्याचं फारसं कौतुक नाही. पास होणारी टेस्ट कोण वाचतं हो? टेस्ट वाचली जाते ती लाल, म्हणजे फेल, झाल्यावर (पास झाली की हिरवी), आणि तीही आपल्या छान रंगीत आयडीईत (कोड लिहायच्या एडिटरमध्ये) नाही, तर सगळा कोड जोडून टेस्ट चालवणाऱ्या बिल्ड सर्व्हरच्या लॉगमध्ये, संध्याकाळी रिलीज अडकलेली असताना, आणि ज्याने टेस्ट लिहिली तो नोटीस पिरियड संपवून दुसरीकडे जॉइनही झालेला असतो. त्या वेळी तो लॉग काय सांगतो, यावर मार्क द्यायचे.

आता हे बघा. इन्व्हॉइसमध्ये चार ओळी हव्यात, आणि कोणीतरी लिहून ठेवलंय असर्ट-ट्रू(आयटेम्स.कंटेन्स(डिलिव्हरी-चार्ज)). फेल झाली की जेयुनिट 5 काय म्हणतं, ट्रू हवं होतं, फॉल्स मिळालं. बस. जेयुनिट 4 तर तेवढंही बोलायचं नाही, नुसता असर्शन एरर आणि लाइन नंबर. म्हणजे मग लोकल मशीनवर कोड चेकआउट करा, डीबगर लावा, लिस्टमध्ये नक्की काय आलं ते बघा, आणि तुमच्या मशीनवर ती टेस्ट पास होते. झालं कल्याण. तीच गोष्ट असर्टजेमध्ये असर्ट-दॅट(आयटेम्स).कंटेन्स(डिलिव्हरी-चार्ज) अशी लिहिली की फेल झाल्यावर अख्खी लिस्ट छापून येते, तुम्ही काय शोधत होतात ते येतं, आणि त्यातलं काय सापडलं नाही तेही वेगळं येतं. कंटेन्स-एक्झॅक्टली वापरलंत तर कुठले एलिमेंट मिळाले नाहीत आणि कुठले जास्तीचे आले अशा दोन वेगळ्या याद्या मिळतात, आणि सगळे एलिमेंट बरोबर पण क्रम चुकलाय असं असेल तर तसं स्पष्ट सांगून कितव्या इंडेक्सवर गडबड आहे तेही दाखवतं. निम्म्या वेळा लॉग वाचूनच कळतं की अरे, सॉर्टिंग बदललंय कोणीतरी.

दुसरं म्हणजे एक्स्पेक्टेड आणि ॲक्च्युअलचा घोळ. असर्ट-इक्वल्समध्ये आधी एक्स्पेक्टेड लिहायचं असतं मग ॲक्च्युअल, आणि निम्मी जनता उलटं लिहिते. टेस्ट हिरवी असते तोवर कोणाला पत्ता नाही, लाल झाली की लॉग म्हणतो 118 मिळालं 100 हवं होतं, आणि तुम्ही टॅक्स उगाच का लागला ते शोधत बसता, तर प्रत्यक्षात टॅक्स लागलेलाच नसतो. असर्टजेमध्ये असर्ट-दॅट(जे-मिळालं).इज-इक्वल-टू(जे-हवं) असंच लिहावं लागतं, उलटं लिहायला मुद्दाम प्रयत्न करावा लागेल. एवढ्या एका कारणासाठीसुद्धा मी स्विच केलं असतं.

जेयुनिटवरच आहे तर अजून एक, कारण हे फार लोकांना माहीत नसतं. जेयुनिट 4 मध्ये मेसेज पहिला आर्ग्युमेंट होता, जेयुनिट 5 मध्ये (2017 मध्ये आलं ते) तो शेवटी गेला. आता असर्ट-नॉट-नल("कस्टमरचं नाव नल आहे", नाव) अशी जुनी ओळ घ्या (नल म्हणजे व्हॅल्यूच नाही), आणि नुसते इम्पोर्ट बदलून जेयुनिट 5 वर न्या. नाव स्ट्रिंग, म्हणजे मजकूर, असेल तर मस्त कंपाइल होतं. फक्त आता ती ओळ तपासते काय, तर तुमचा मेसेज नल आहे का! तो कुठून नल असणार, कोट्समध्ये लिहिलेला मजकूर आहे तो. टेस्ट आयुष्यभर हिरवी. व्हॅल्यू स्ट्रिंग नसेल तर कंपाइलर ओरडतो, स्ट्रिंग असेल तर मात्र मुकाट. मायग्रेशन केलेला जुना प्रोजेक्ट असेल तर आजच्या आज सर्च मारून बघा.

हॅमक्रेस्टबद्दल. हा या घरातला थोरला. जेमॉक या जुन्या टेस्टिंग लायब्ररीच्या पोटातून निघाला, आणि 2007 मध्ये जेयुनिट 4.4 ने असर्ट-दॅट आत घेतलं तेव्हा सगळ्यांना वाटलं की आता हेच. पुढे जेयुनिट 4.13 ने ते डेप्रिकेट केलं, म्हणजे यापुढे वापरू नका म्हणून सांगितलं, 5 मध्ये ठेवलंच नाही. असर्टजे 2013 चं, फेस्ट नावाच्या लायब्ररीचा फोर्क (तिचा कोड घेऊन काढलेली वेगळी आवृत्ती), आणि कानामागून आली आणि तिखट झाली म्हणतात तसं झालं. कारण साधं आहे, ऑटोकम्प्लीट. असर्टजेमध्ये असर्ट-दॅट(काहीतरी) लिहून डॉट दाबला की त्या टाइपला लागू पडणाऱ्या मेथड समोर येतात, लिस्ट असेल तर लिस्टच्या, ऑप्शनल असेल तर ऑप्शनलच्या, तारीख असेल तर इज-बिफोर इज-आफ्टर. हॅमक्रेस्टमध्ये मॅचर, म्हणजे काय हवं ते सांगणारी अट, दुसऱ्या आर्ग्युमेंटमध्ये जातो, म्हणजे त्याचं नाव आधी पाठ हवं, कुठल्या क्लासमधून स्टॅटिक इम्पोर्ट करायचा ते माहीत हवं, आणि वर जेनेरिक्स, म्हणजे जावाची टाइपची भानगड. हॅज-आयटेमच्या आत ऑल-ऑफ, त्याच्या आत हॅज-प्रॉपर्टी, आणि कंपाइलर असा काही एरर देतो की सुपर-टी, एक्स्टेंड्स-टी करत तीन ओळी भरतात आणि चूक कुठे ते शेवटी कळत नाहीच. नवीन जॉइन झालेल्या मुलाने असा एरर मला दाखवून विचारलं होतं, "मॅडम, हे आपल्या कोडचं आहे की जावाचंच बिघडलंय?" त्याला काय सांगणार.

पण हॅमक्रेस्टला अगदी मोडीत काढू नका. त्याचा मॅचर ही एक स्वतंत्र वस्तू आहे, व्हेरिएबलमध्ये ठेवता येते, दुसऱ्या मेथडला देता येते, एकात एक गुंफता येते, आणि हे असर्टजेला तितकं जमत नाही, असर्टजेच्या स्वतःच्या कंडिशन आहेत पण वापरायला बोजड वाटतात. म्हणूनच वेब एपीआय तपासणारं रेस्ट-ॲशुअर्ड असो, स्प्रिंगच्या मॉकएमव्हीसीमधलं जेसन-पाथ असो किंवा अँड्रॉइडचं स्क्रीन तपासणारं एस्प्रेसो, तिथे हॅमक्रेस्ट घट्ट बसलंय आणि तिथे ते बरंही वाटतं. स्प्रिंग 6.2 पासून मॉकएमव्हीसी-टेस्टर आलाय, तो असर्टजेच्या पद्धतीने चालतो, नवीन कोडमध्ये तो घ्या, जुन्या चालत्या टेस्ट मात्र उगाच उकरू नका.

आता असर्टजेमध्ये मला सगळ्यात जास्त काय आवडतं तर एक्स्ट्रॅक्टिंग. दहा इन्व्हॉइसची लिस्ट आली, त्यातला फक्त नंबर आणि स्टेटस बघायचाय, तर असर्ट-दॅट(इन्व्हॉइसेस).एक्स्ट्रॅक्टिंग(इन्व्हॉइस::नंबर, इन्व्हॉइस::स्टेटस).कंटेन्स-एक्झॅक्टली(टपल(...), टपल(...)). फॉर लूप नाही, आय बरोबर झिरो नाही, तीन-तीन ओळींची गेट करामत नाही, आणि फेल झाली की टपलची, म्हणजे नंबर-स्टेटसच्या जोड्यांची, यादी समोर, एका नजरेत कळतं की दुसरं इन्व्हॉइस पेंडिंगवरच अडकलंय. स्ट्रिंगनेही एक्स्ट्रॅक्ट करता येतं, एक्स्ट्रॅक्टिंग("स्टेटस") वगैरे, आणि ते प्रायव्हेट फिल्डमध्येसुद्धा हात घालतं, पण ते करू नका. फिल्डचं नाव बदललं की आयडीई कधी ती स्ट्रिंग बदलतो कधी नाही, मेथड रेफरन्स (वरचं इन्व्हॉइस::नंबर) असला की प्रश्नच नाही.

एक्सेप्शनचंही, म्हणजे कोडने फेकलेल्या एररचंही, छान आहे. जेयुनिट 4 मध्ये टेस्टच्या डोक्यावर एक्स्पेक्टेड बरोबर अमुक एक्सेप्शन असं लिहायचे, त्यात गोम अशी की टेस्टमधल्या कुठल्याही ओळीने तो एक्सेप्शन फेकला तरी पास. टेस्टच्या आतल्या सुरुवातीच्या तयारीच्या ओळीतच फाटलं तरी हिरवं. असर्ट-दॅट-थ्रोन-बाय मध्ये तुम्ही नेमका कॉल लॅम्डामध्ये (छोट्या बिननावाच्या फंक्शनमध्ये) देता, आणि पुढे इज-इन्स्टन्स-ऑफ, हॅज-मेसेज-कंटेनिंग, हवं तर रूट कॉजपर्यंत जाता येतं. जेयुनिट 5 चं असर्ट-थ्रोज पण वाईट नाही बरं का, एक्सेप्शन परत देतं, त्यावर पुढे जे तपासायचं ते तपासा. इथे दोघांत उन्नीस-बीसचा फरक.

सॉफ्ट असर्शन्स: एका टेस्टमध्ये पाच गोष्टी तपासताय आणि पहिलीच फेल झाली तर उरलेल्या चार कळतच नाहीत, दुरुस्त करा, परत बिल्ड लावा, मग दुसरी फेल, असं करत दुपार जाते. असर्ट-सॉफ्टली वापरलं की सगळ्या चालवून शेवटी एकदम सगळ्या तक्रारी देतं. फक्त सॉफ्ट-असर्शन्सचा ऑब्जेक्ट हाताने बनवत असाल तर शेवटी असर्ट-ऑल म्हणायला विसरू नका, नाहीतर काहीही फेल झालं तरी टेस्ट हिरवी. म्हणून मी म्हणते लॅम्डावालाच फॉर्म वापरा, त्यात विसरायला जागाच नाही. जेयुनिट 5 मध्येही स्वतःचं असर्ट-ऑल आहे, पण प्रत्येक ओळ वेगळ्या लॅम्डात गुंडाळायची म्हणजे कंस आणि बाण मोजत बसा.

आता तक्रारी. कारण आहेत, आणि कमी नाहीत.

पहिली आणि सगळ्यात वाईट. असर्ट-दॅट(इन्व्हॉइस.इज-पेड()), एवढंच लिहून पुढे इज-ट्रू लिहायचं राहिलं तर काय होतं? काहीच नाही. टेस्ट पास. काहीच तपासलेलं नाही आणि (कुठला कोड चालला ते दाखवणाऱ्या) कव्हरेज रिपोर्टमध्ये ती ओळ हिरवीगार. लायब्ररीवाल्यांना हे माहीत आहे, त्यांनी असर्ट-दॅटवर चेक-रिटर्न-व्हॅल्यू ही खूण लावून ठेवलीय (पुढे काही लिहायचं राहिलं तर सांगा अशी), त्यामुळे एरर-प्रोन किंवा स्पॉटबग्ज असं कोडमधल्या चुका शोधणारं टूल बिल्डमध्ये असेल तर पकडलं जातं, सोनारमध्येही अर्धवट असर्शनचा नियम आहे. पण म्हणजे असर्टजे घेताना त्याच्या मागे असा एखादा पहारेकरी ठेवावाच लागतो. यापैकी काहीच बिल्डमध्ये नसेल तर आधी ते बसवा, लायब्ररीचं मग बघू.

दुसरी, ॲज. फेल झाल्यावर सोबत आपलं वर्णन दिसावं म्हणून ॲज("जीएसटीनंतरची रक्कम") लिहितात, आणि मराठी माणसाच्या (आणि बाकी सगळ्यांच्याही) सवयीप्रमाणे शेवटी लिहितात. शेवटी लिहून उपयोग शून्य, कारण त्याआधीचं इज-इक्वल-टू फेल होऊन एरर फेकून मोकळं झालेलं असतं, ॲजपर्यंत गाडी पोचतच नाही. ते तपासणीच्या आधी यायला हवं. कंपॅरेटर द्यायचा असेल तर तोही आधीच. एपीआयने हे सक्तीने आधी घ्यायला लावायला हवं होतं असं माझं मत, पण आता काय, एवढ्या वर्षांनी कोण बदलणार.

तिसरी पैसेवाल्यांसाठी. बिगडेसिमलवर, म्हणजे जावाच्या अचूक दशांश आकड्यांच्या टाइपवर, इज-इक्वल-टू लावलं की 118.0 आणि 118.00 वेगळे निघतात. हा दोष असर्टजेचा नाही, जावाचा इक्वल्सच तसा आहे, स्केलही, म्हणजे दशांशानंतर किती आकडे तेही, बघतो. उपाय इज-इक्वल-बाय-कंपेअरिंग-टू. नाव लांबलचक आहे पण लक्षात ठेवा, 18 टक्के जीएसटी लावून राउंडिंग करणारा कोड असेल तर रोज लागेल. अख्ख्या ऑब्जेक्टची तुलना करताना हाच त्रास आतल्या फिल्डवर होतो, तिथे विथ-कंपॅरेटर-फॉर-टाइप देऊन बिगडेसिमलसाठी कंपेअर-टू वापर असं सांगावं लागतं.

आणि ती अख्ख्या ऑब्जेक्टची तुलना, यूझिंग-रिकर्सिव्ह-कंपॅरिझन, यावर जरा थांबते. ही या लायब्ररीतली सगळ्यात ताकदवान गोष्ट आहे आणि म्हणूनच सगळ्यात गैरवापर होणारी. इक्वल्स न लिहिता दोन ऑब्जेक्ट फिल्ड-बाय-फिल्ड, आतपर्यंत जाऊन तपासतं, आणि फेल झाल्यावर कुठल्या फिल्डमध्ये फरक आहे ते अख्ख्या पाथसकट सांगतं, म्हणजे कस्टमर.ॲड्रेस.पिनकोड असं. डीटीओ-एन्टिटी मॅपिंग (बाहेर पाठवायचा ऑब्जेक्ट आणि डेटाबेसचा ऑब्जेक्ट यांची अदलाबदल) तपासायला सोनं आहे. पण. तुलना एकतर्फी असते हे लोक वाचत नाहीत. ॲक्च्युअलमध्ये जी फिल्ड आहेत तेवढीच बघितली जातात, एक्स्पेक्टेडमध्ये जास्तीचं फिल्ड असेल तर त्याच्याकडे ढुंकूनही बघत नाही. टाइपही सक्तीने तपासत नाही, त्यासाठी विथ-स्ट्रिक्ट-टाइप-चेकिंग वेगळं लावायचं. आणि मग येतात इग्नोअरिंगवाल्या मेथड. आधी आयडी इग्नोअर, ठीक आहे, तो डेटाबेस देतो. मग क्रिएटेड-ॲट, तेही समजू शकते. मग कोणाची तरी टेस्ट रिलीजच्या आदल्या दिवशी फेल होते आणि तो इग्नोअरिंग-ॲक्च्युअल-नल-फिल्ड्स टाकून मोकळा होतो, म्हणजे मॅपरने निम्मी फिल्ड भरलीच नाहीत तरी टेस्ट खूश. कोड रिव्ह्यूत ही मेथड दिसली की मी कारण विचारल्याशिवाय अप्रूव्ह करत नाही.

नावांचा गोंधळही आहेच. कंटेन्स, कंटेन्स-ओन्ली, कंटेन्स-एक्झॅक्टली, कंटेन्स-एक्झॅक्टली-इन-एनी-ऑर्डर, शिवाय सीक्वेन्स आणि सबसीक्वेन्स. यातलं कंटेन्स-ओन्ली डुप्लिकेट मोजत नाही, म्हणजे डिलिव्हरी चार्ज इन्व्हॉइसमध्ये दोनदा लागला तरी ते म्हणणार सगळं ठीक, आणि कस्टमर फोन करणार. आणि ऑल-सॅटिस्फाय रिकाम्या लिस्टवर बिनदिक्कत पास होतं, गणिताच्या हिशेबाने बरोबर, व्यवहाराच्या हिशेबाने घातक, तेव्हा आधी इज-नॉट-एम्प्टी लावा.

इथे ट्रूथची आठवण येते. गुगलमधल्या ग्वावा या जावा लायब्ररीच्या टीमचं हे, दिसायला अगदी असर्टजेसारखं, असर्ट-दॅटच, फक्त मेथड मुद्दाम कमी ठेवल्यात आणि फेल्युअर मेसेज आटोपशीर असतात. मला त्यांचं हे धोरण मनापासून पटतं. असर्टजेत डॉट दाबला की एवढी लांब यादी येते की स्क्रोल करत राहा, त्यातलं रोजच्या वापरात पंधरा-वीसच्या पुढे काही लागत नाही. अँड्रॉइड किंवा प्रोटोबफवर (गुगलचा डेटा फॉरमॅट) काम असेल तर ट्रूथच घ्या, प्रोटोबफसाठी त्यांचं वेगळं एक्स्टेंशन आहे. पण दोन्ही एका प्रोजेक्टमध्ये नकोच नको. कारण ऐका: ट्रूथमध्ये कंटेन्स-एक्झॅक्टली क्रम बघत नाही, क्रम हवा तर पुढे इन-ऑर्डर लावायचं. असर्टजेमध्ये तेच नाव क्रम बघतं. नाव तेच, ओळ तीच, इम्पोर्ट कुठला आहे त्यावर अर्थ बदलतो. आणि आयडीई तर ऑटो-इम्पोर्टला हॅमक्रेस्टचं, जेयुनिट 4 चं, ट्रूथचं, असर्टजेच्याच दोन-तीन क्लासमधलं अशी सगळी असर्ट-दॅट पुढे करतो. इंटेलिजे या आयडीईच्या सेटिंगमध्ये जाऊन नको असलेली ऑटो-इम्पोर्टमधून एक्स्क्लूड करून टाका, पाच मिनिटांचं काम आहे.

अजून एक बारीक. मेसेज चांगले म्हणून एवढं कौतुक केलं खरं, पण तुमच्या क्लासला टू-स्ट्रिंग (ऑब्जेक्ट मजकुरात दाखवणारी मेथड) नसेल तर असर्टजे तरी काय करणार, इन्व्हॉइस ॲट द रेट अमुक-तमुक हेक्स नंबर एवढंच छापणार. जावाचे रेकॉर्ड (नुसता डेटा ठेवणारे क्लास) वापरत असाल तर ते आपोआप मिळतं. जेसनच्या लांब स्ट्रिंगची तुलनाही नुसत्या इज-इक्वल-टू ने करू नका, दोन भल्यामोठ्या स्ट्रिंग एकाखाली एक येतात आणि फरक शोधताना डोळे फुटतात, त्याला जेसन-युनिट घ्या, त्याचं असर्टजेशी जुळणारं मॉड्यूल आहे.

दुसऱ्या भाषेतले मित्र हे सगळं वाचून हसतील. पायथनवाल्यांकडे पायटेस्ट आहे, त्यात साधं असर्ट ए इक्वल-इक्वल बी लिहायचं, पायटेस्ट ती ओळ आतल्या आत पुन्हा लिहून फेल झाल्यावर दोन्हीकडच्या व्हॅल्यू आणि लिस्टमधला फरक छान दाखवतो, कसली साखळी नाही की डॉट नाही. ग्रूव्हीत स्पॉकचंही तसंच. कॉटलिनमध्ये पॉवर-असर्टचं कंपायलर प्लगिन आलंय. खरं तर हाच योग्य रस्ता आहे असं मला वाटतं, पण साध्या जावाला असं काही मिळालेलं नाही, तोवर असर्टजे.

आणि मायक्रोसॉफ्टच्या डॉटनेटवाल्यांसाठी, कारण आमच्याच मजल्यावर दोन टीम आहेत. फ्लुएंट असर्शन्स हे तिकडचं असर्टजे, वर्षानुवर्षं सगळे वापरत होते, आणि जानेवारी 2025 मध्ये 8 व्हर्जनपासून व्यावसायिक वापरासाठी पैसे लागायला लागले, डेव्हलपरमागे वर्षाला 130 डॉलरच्या आसपास. टेस्टमध्ये "शुड" (त्यांची असर्शन सुरू करायची मेथड) लिहायला एवढे पैसे मॅनेजरकडे मागायचे म्हणजे अवघडच. 7 व्हर्जन अजून जुन्याच मोकळ्या लायसन्सवर आहे, तेव्हा एकतर तिथेच पिन करा, किंवा त्याचा फोर्क आहे ऑसम असर्शन्स, नाहीतर शुडली, जो एरर मेसेजमध्ये तुमच्या व्हेरिएबलचं नावसुद्धा दाखवतो. डिपेंडन्सी अपडेट करणारा बॉट चालू असेल तर मात्र बघून ठेवा, तो बिचारा लायसन्स वाचत नाही, गपचूप 8 ची पुल रिक्वेस्ट (कोड बदलायचा प्रस्ताव) टाकतो आणि कोणीतरी शुक्रवारी मर्ज करतो.

जुन्या जावा प्रोजेक्टवर असर्टजे आणायचं असेल तर हाताने बदलत बसू नका, कोड आपोआप बदलणाऱ्या ओपन-रीराइट या टूलमध्ये जेयुनिट आणि हॅमक्रेस्टवरून असर्टजेवर नेणाऱ्या तयार रेसिपी आहेत, बिल्डमधून चालवा, मोठा भाग आपोआप बदलतो. एक मॉड्यूल एका पुल रिक्वेस्टमध्ये असं करा, सगळं एकदम टाकलंत तर कोणी वाचणार नाही, नुसतं अंगठा दाखवून अप्रूव्ह करतील. आणि ते वर सांगितलेलं असर्ट-नॉट-नल उलट्या आर्ग्युमेंटचं प्रकरण रेसिपी चालवायच्या आधी निस्तरा, नाहीतर टूल ती चूक तशीच्या तशी नव्या सुंदर सिंटॅक्समध्ये बसवून देईल, असर्ट-दॅट("कस्टमरचं नाव नल आहे").ॲज(नाव).इज-नॉट-नल().